दोन गाठी : आमच्या गावच्या विहिरीतलं प्रकरण, पहिल्यापासून शेवटपर्यंत

आमचं गाव चोपडा तालुक्यातलं, सातपुड्याच्या पायथ्याच्या बाजूचं. गावाचं नाव मुद्दाम देत नाही, माणसांचीही देणार नाही, कारण तिन्ही घरं अजून त्याच गल्लीत राहतात आणि एकमेकांच्या ओट्यावर बसतात. गावात ज्याला ज्या नावाने हाक मारतात तेवढंच लिहितो. जिभाऊ म्हणजे शेतमालक. बापू म्हणजे त्यांच्याकडे अकरा वर्षं असलेला सालदार, वर्षाच्या बोलीवर ठेवलेला शेतगडी. वहिनी म्हणजे बापूची बायको. आणि फौजी म्हणजे फौजीच, भरती झाल्यापासून त्याच्या आईशिवाय त्याला कोणी नावाने हाक मारलेली मला आठवत नाही.

माझं जळगावात मोटार रिवाइंडिंगचं दुकान आहे. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, घरी आलो होतो आणि त्या दिवशी दोर ओढणाऱ्या चौघांत मी होतो. हे लिहायचं कारण असं की घटनेनंतर पहिले आठ-दहा दिवस जी गोष्ट गावात, व्हॉट्सअ‍ॅपवर आणि बॅनरवर फिरली ती अर्धीच खरी होती आणि ती सांगणाऱ्यांत मीही होतो. ती गोष्ट अशी : सालदार काम करताना विहिरीत गुदमरला, मालकाचा पोरगा त्याला काढायला उतरला, तोही पडला, मग सुट्टीवर आलेल्या जवानाने स्वतःचा जीव देऊन पोराला वाचवलं. यातलं शेवटचं वाक्य शंभर टक्के खरं आहे. आधीची दोन उलटी आहेत.

आधी विहीर समजून घ्या, नाहीतर पुढचं काही कळणार नाही. केळीच्या बागेची विहीर, साधारण ६५ फूट खोल. वरचं तीसेक फूट दगडी बांधकाम, खाली खडक, उतरायला भिंतीत लोखंडी कड्या ठोकलेल्या, आणि ४० फुटांवर खडकातच कोरलेला एक टप्पा, दोन माणसं उभी राहतील एवढा. त्याखाली पाणी आणि गाळ. विहिरीतली पाणबुडी मोटार जळाली होती आणि ती माझ्याच दुकानात वाइंडिंगला होती. आखाजीनंतर देतो असं मीच सांगितलं होतं. मोटार बाहेर आहेच तर गाळ काढून घेऊ, असं जिभाऊंनी ठरवलं. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की आमच्याकडे सगळेच हे काम काढतात, त्यात वावगं काही नाही.

गाळ काढायचा तर आधी पाणी उपसायला हवं, आणि इथे पेट्रोल-रॉकेलवर चालणारा छोटा पंप आला. आता कोणी विचारेल की इंजिन वर काठावर ठेवून पाइप खाली का नाही सोडला. तर पंप पाणी ओढतो म्हणजे तो फक्त पाइपातली हवा काढतो, पाणी वर ढकलायचं काम बाहेरच्या हवेचा दाब करतो, आणि हा दाब पुस्तकात ३४ फुटांपर्यंत आणि प्रत्यक्षात २५ फुटांच्या आसपासच पाणी चढवू शकतो. पाणी ५५ फुटांवर असेल तर काठावरचं इंजिन कितीही हॉर्सपॉवरचं असो, थेंब येणार नाही. म्हणून इंजिनच विहिरीत उतरवतात. सगळ्या खान्देशात उतरवतात, मी स्वतः लोकांना टप्प्यावर इंजिन बसवून दिलेली आहेत. दोराने सोडायचं, फळीवर बसवायचं, पाइपाच्या टोकाचा फुटव्हॉल्व्ह पाण्यात टाकायचा आणि किक मारून वर यायचं.

इंजिन जे धूर सोडतं त्यात कार्बन मोनॉक्साइड असतो. त्याला रंग नाही, वास नाही. हवेपेक्षा तो किंचित हलकाच आहे, म्हणजे 'जड गॅस खाली बसतो' हे जे आपण म्हणतो ते कार्बन डायऑक्साइडला लागू आहे, याला नाही. पण विहिरीत वारा नसतो, त्यामुळे हलका असला तरी जाणार कुठे, तिथेच घुमत राहतो. रक्तातल्या हिमोग्लोबिनला तो ऑक्सिजनच्या २०० पटींहून जास्त घट्ट चिकटतो. हवेत त्याचं प्रमाण सव्वा टक्क्याच्या आसपास गेलं की दोन-तीन श्वासांत माणूस बेशुद्ध आणि एक ते तीन मिनिटांत संपतो. दोन-तीन श्वास म्हणजे 'अरे मला कसंतरी होतंय' हे वाक्य पूर्ण व्हायच्या आत.

आमचे आजोबा विहिरीत उतरण्याआधी पेटता कंदील सोडून बघायचे, विझला तर उतरायचं नाही. पद्धत चांगलीच होती, पण कंदील फक्त ऑक्सिजन कमी झाल्याचं सांगतो, साधारण १६ टक्क्यांच्या खाली ज्योत विझते. कार्बन मोनॉक्साइड माणसाला मारण्याइतका झाला तरी कंदील शांतपणे जळत राहू शकतो. त्या दिवशी तर कंदीलही कोणी सोडला नाही.

सकाळी आठच्या सुमारास इंजिन सुरू केलं. सव्वानऊला ते गचके खायला लागलं, आवाज जड झाला आणि बंद पडलं. मी तिथे नव्हतो, मी शेजारच्या मळ्यात होतो, पण आवाज ऐकला आणि मनात म्हटलं पेट्रोल संपलं असणार. धंद्यात वीस वर्षं काढलेल्या माझ्यासारख्या माणसाला जर हेच वाटलं तर जिभाऊंच्या बावीस वर्षांच्या पोराला काय वाटणार. खरं कारण हे की विहिरीतली हवा इंजिनाच्याच धुराने इतकी खराब झाली होती की इंजिनालाही पेटायला ऑक्सिजन पुरेना. अशा वेळी ते अर्धवट जळतं आणि आणखी जास्त कार्बन मोनॉक्साइड सोडतं, मग गुदमरून बंद पडतं. इंजिन स्वतः सांगत होतं की इथे श्वास घेण्यासारखं काही उरलेलं नाही.

विहिरीवर तेव्हा तिघं होते. जिभाऊ, त्यांचा पोरगा आणि बापू. थोड्या वेळाने वहिनी न्याहारी घेऊन आल्या, सोबत त्यांचा एकोणीस वर्षांचा मुलगा. बोंबाबोंब झाल्यावर आम्ही बाजूच्या मळ्यातले सहा-सात जण धावलो आणि फौजी त्याच्या घराच्या बांधावरून आला. मी पोचलो तेव्हा बापू आणि पोरगा दोघं खाली होते आणि जिभाऊ काठावर बसून नुसते थरथरत होते. कोण आधी उतरलं हे कोणी विचारलं नाही, ती वेळच नव्हती.

फौजी बॉम्बे सॅपर्समधला, हवालदार, खडकीला ट्रेनिंग झालेला. सॅपर म्हणजे बंदूक चालवतोच पण त्याचं मुख्य काम वाट मोकळी करायचं, पूल बांधायचा, सुरुंग काढायचा. त्यांच्या रेजिमेंटच्या सेकंड लेफ्टनंट राम राघोबा राणे यांना परमवीर चक्र मिळालं ते नौशेरा-राजौरी रस्त्यावर ८ ते ११ एप्रिल १९४८ या दिवसांत, स्वतः जखमी असताना, सुरुंग आणि अडथळे काढून रणगाड्यांना वाट करून दिल्याबद्दल. फौजी हे आम्हाला पारावर बसून कितीदा तरी सांगायचा आणि दर वेळी म्हणायचा, बघा, हातात काय होतं त्यांच्या, मजुराच्याच हातात असतं ते, फावडं नि पहार.

तर फौजीने आल्या आल्या दोन प्रश्न विचारले. इंजिन खाली आहे का? किती वेळ चाललं? उत्तर ऐकलं आणि त्याचा चेहरा बदलला, तो मी पाहिलाय. ओला रुमाल तोंडाला बांध असं कोणीतरी म्हणालं, तर म्हणाला त्याने काही होत नाही, धूर नाही अडवायचा, तिथे हवाच नाही. नायलॉनचा एकच दोर होता. तो त्याने कमरेला बांधला आणि मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं : मी श्वास रोखून जातोय, दोनदा हिसका दिला की ओढा, आणि मी हिसका दिला नाही तर माझ्यामागे कोणीही उतरायचं नाही, कोणीही म्हणजे कोणीही, आधी कॉम्प्रेसर आणा.

आम्ही चौघांनी दोर सोडला. वरून टप्पा अंधुक दिसत होता आणि पोरगा टप्प्यावर भिंतीला टेकून बसल्यासारखा दिसत होता. फौजी टप्प्यावर उतरला. अर्ध्या-पाऊण मिनिटात दोन हिसके आले, आम्ही जीव खाऊन ओढलं आणि वर आला तो पोरगा.

फौजीने आपल्या कमरेचा दोर सोडून त्याला बांधला होता. दोघांना एकदम ओढणं आम्हाला झेपलं नसतं आणि हे त्याला वरूनच माहीत होतं, माझी खात्री आहे. पोराला काठावर घेऊन, गाठ सोडून, दोर परत खाली टाकेपर्यंत किती वेळ गेला असेल, दीड मिनिट, दोन मिनिटं. दोर खाली लोंबत राहिला. कोणी धरला नाही.

इथे एक गोष्ट लिहिलीच पाहिजे. विहिरीपासून वीस पावलांवर बैलगाडी उभी होती आणि गाडीत सोल पडलेला होता, चांगला जाड, गाडीवर कडबा आवळायचा. दुसरा दोर. तो आम्हाला दिसला दुपारी, सगळं संपल्यावर. फौजी श्वास रोखायच्या तयारीत होता, त्याला नाही सुचलं तर समजू शकतो. आम्ही दहा माणसं नुसती उभी होतो. लोक म्हणतात फौजीने घाई केली, थांबायला हवं होतं. मला नाही पटत. पोरगा टप्प्यावर होता, पोचता येण्यासारखा होता आणि कॉम्प्रेसरची वाट बघितली असती तर तो गेलाच असता. फौजीचं उतरणं बरोबर होतं. एकाच दोरावर त्याला उतरू दिलं ती चूक वर उभ्या असलेल्या आमची.

पुढची दोन मिनिटं मी आयुष्यभर विसरणार नाही. बापूचा मुलगा काठावरून कडीला पाय लावून उतरायला लागला होता, बाप खाली होता त्याचा. त्याच्यामागे जिभाऊ निघाले, माझा पोरगा वाचवला त्याला मी असा सोडू का म्हणत. अजून दोघं तयार होते. म्हणजे चार. आणि वहिनींनी मुलाचा शर्ट मागून असा धरला की कॉलर फाटली, त्याला मागे खेचलं, स्वतः कड्यांच्या तोंडाशी आडव्या बसल्या आणि ओरडल्या, "फौजी काय सांगी गया? कोनी उतरू नका!" मुलगा त्यांना ढकलत होता, रडत होता, आईला वाट्टेल ते बोलत होता. त्यांनी त्याच्या थोबाडीत मारली आणि म्हणाल्या, "मना एक गया. दुसरा मी देत नही. कॉम्प्रेसर लई ये, पय!"

तो पळाला. मोटरसायकलवर शेजारच्या गावी गेला, तिथे विहिरीच्या ब्लास्टिंगचा ठेकेदार आहे, त्याचा ट्रॅक्टर कॉम्प्रेसर पस्तीस मिनिटांत आला. विहिरीवरून वारा ज्या बाजूला जात होता त्या बाजूला ट्रॅक्टर उभा केला म्हणजे त्याचा धूर परत विहिरीत जाणार नाही, नळी तळापर्यंत सोडली आणि अर्धा तास हवा मारली. मग ठेकेदाराचा माणूस दोन दोर बांधून उतरला. त्याने सांगितलं की फौजी टप्प्यावर नव्हताच, तो कड्यांवरून आणखी खाली गेला होता, आणि दोघं शेजारी शेजारी सापडले, फौजीचा एक हात बापूच्या काखेत होता. म्हणजे उरलेल्या श्वासात तो वर यायचं सोडून बापूचं तोंड पाण्याच्या वर धरायला गेला.

वहिनींना नंतर गावात काय काय ऐकावं लागलं ते सगळं इथे लिहीत नाही. नवरा खाली असताना बाई दगडासारखी बसली, पोराला जाऊ दिलं असतं तर कदाचित, असं बरंच. नंतर मी वाचायला लागलो तेव्हा कळलं की अमेरिकेत कामगारांच्या सुरक्षेवर काम करणाऱ्या नायॉश या सरकारी संस्थेने १९८६ साली सूचना काढली होती, की बंद जागेत मरणाऱ्यांपैकी ६० टक्क्यांहून जास्त लोक हे दुसऱ्याला वाचवायला गेलेले असतात. आपल्याकडच्या बातम्याही अशाच असतात ना, सेप्टिक टँक असो, विहीर असो, एकामागे एक तीन, चार, पाच. दर वेळी शेवटचा आकडा कोणीतरी कोणालातरी धरून ठेवलं म्हणूनच थांबलेला असतो, आणि त्या धरणाऱ्याचं नाव बातमीत नसतं. त्या दिवशी आकडा दोनवर थांबला तो वहिनींमुळे. मी जिवंत आहे तोही कदाचित त्यांच्यामुळे, कारण पाचवा मी असतो.

आता गाठींबद्दल.

पोरगा वर आला तेव्हा त्याच्या अंगावरचे दोर मी सोडले. नायलॉनचा दोर काखेखालून घेऊन छातीवर बांधला होता, ती गाठ पक्की फौजी पद्धतीची, घट्ट बसते पण आवळत जात नाही, आणि सोडताना झटकन सुटते. पण त्याखाली अजून एक होतं. एक रुमाल, आमच्याकडे शेतकरी डोक्याला बांधतात तो, लांब, मळकट पांढरा. तोही काखेखालून घेऊन पाठीवर बांधलेला आणि त्याचं दुसरं टोक मोकळं, पिळवटलेलं, गंज लागलेलं. मी घाईत तो डोक्यावरून काढून बाजूला टाकला. वहिनींनी तो उचलला, कारण तो बापूचा होता.

त्या क्षणी माझ्या डोक्यात काही आलं नाही. दहाव्याच्या दिवशी त्यांच्या घरी बसलो होतो, रुमाल खुंटीवर होता, गाठ तशीच. बघत बसलो आणि अंगावर काटा आला. ती दाव्याची गाठ होती. बैल खुंट्याला बांधताना मारतात ती, ओढलं तर पक्की होते, बैल कितीही हिसडे देवो सुटत नाही. फौजी ती गाठ मारणार नाही, त्याच्याकडे त्याची गाठ होती आणि त्याला रुमालाची गरजच नव्हती. पोरगा स्वतःच्या पाठीवर स्वतः गाठ मारू शकत नाही. दुसऱ्या टोकाचा गंज हा लोखंडी कडीचा. म्हणजे फौजी पोचायच्या आधीच कोणीतरी पोराला टप्प्यावर चढवून, बसता ठेवून, रुमालाने कडीला बांधलं होतं की बेशुद्ध पोरगा परत पाण्यात घसरू नये. खाली तेव्हा दुसरं कोण होतं? फक्त बापू.

अजून एक. पोराचे कपडे छातीपर्यंत ओले होते. टप्पा कोरडा. म्हणजे तो आधी पाण्यात पडला होता आणि कोणीतरी त्याला पंधरा फूट वर आणलं होतं, कड्यांवरून, खांद्यावर घेऊन, त्या हवेत.

मग मी जिभाऊंकडे गेलो. सरळ विचारलं, आधी कोण उतरलं. ते बराच वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, पोरगा. पेट्रोलची बाटली घेऊन इंजिन सुरू करायला तो उतरला, किक मारता मारता पडला, धपकन आवाज आला. बापू काठावर गाळाची बकेट बांधत होता, तो आवाज ऐकला आणि काही न बोलता कड्या धरून उतरला. दोर नाही, काही नाही. जिभाऊ खोटं बोलले होते असं मी म्हणणार नाही. पहिल्या गोंधळात कोणीतरी 'सालदार गुदमरला' म्हटलं, पोलिसांनी तेच लिहून घेतलं आणि मग ते बदलायची हिंमत त्यांना झाली नाही. पण हेही खरं की सालदार कामासाठी उतरतो आणि मालकाचा पोरगा वाचवायला उतरतो, ही गोष्ट आपल्या सगळ्यांना ऐकल्याबरोबर पटली. मलाही पटली. उलटं असेल असं एकाच्याही मनात आलं नाही.

पोराला विचारून उपयोग नव्हता. या गॅसने आठवण जाते आणि काही जणांना बरं वाटल्यावर दोन-चार आठवड्यांनी परत विसरभोळेपणा, चालताना तोल जाणं असा त्रास सुरू होतो. त्याला फक्त इंजिनाची किक आठवते. त्याच्या उपचाराचं एक सांगतो कारण ते कोणाच्याही कामी येईल. पहिल्या दवाखान्यात त्याच्या बोटाला ऑक्सिमीटर लावला, कोविडपासून सगळ्यांना माहीत झालेला, आकडा आला ९८. ऑक्सिजन चांगला आहे म्हणून त्याला नुसता झोपवून ठेवला. पण साध्या ऑक्सिमीटरला ऑक्सिजन चिकटलेलं रक्त आणि कार्बन मोनॉक्साइड चिकटलेलं रक्त यातला फरक कळत नाही, तो दोघांना चांगलंच म्हणतो. जळगावच्या डॉक्टरांनी बघताक्षणी मास्क लावून पूर्ण ऑक्सिजन सुरू केला. साध्या हवेत हा गॅस रक्तातून निम्मा व्हायला चार-पाच तास लागतात, शुद्ध ऑक्सिजनवर सव्वा-दीड तास. कोणी इंजिनाच्या, जनरेटरच्या, शेगडीच्या धुरात सापडला तर डॉक्टरांना तसं स्पष्ट सांगा, आकड्यावर जाऊ नका.

दोघांवर एकाच दिवशी अंत्यसंस्कार झाले. बापूवर सकाळी, चाळीसेक माणसं होती. फौजीवर दुपारी. तिरंगा, लष्कराची तुकडी, मानवंदना, पंचक्रोशी लोटली होती आणि ते व्हायलाच हवं होतं, त्यात एक कणही जास्त नव्हतं. बॅनरवर 'शहीद' लिहिलं. लष्कराच्या कागदात हा शब्द नसतो, तिथे बॅटल कॅज्युअल्टी (लढाईतली) किंवा फिजिकल कॅज्युअल्टी (लढाईबाहेरची) असतं, आणि सुट्टीत गावी मेलेला जवान दुसऱ्या रकान्यात जातो. घरच्यांना पेन्शन मिळते, पण ती साधी की विशेष हे या मृत्यूचा नोकरीशी संबंध धरला जातो की नाही यावर ठरतं. २०११ साली सुप्रीम कोर्टाने सुट्टीत गावी अपघात झालेल्या एका जवानाला असा संबंध नाही म्हणून अपंगत्वाची पेन्शन नाकारली होती. फौजीच्या घरच्यांची ती लढाई चालू आहे. तो सॅपर नसता तर त्याला इंजिन ऐकून हवा कळली नसती, गाठ अशी बसली नसती. माझ्या मते तो संबंध उघड आहे.

बापूच्या घरची तर सुरुवातच नाही. गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात योजनेत २ लाख मिळतात, पण त्याला सातबारा लागतो, आणि सालदाराकडे सातबारा कुठला. प्रधानमंत्री सुरक्षा विमा वर्षाला २० रुपयांचा, बँकेतून आपोआप कापला जातो. बापूने फॉर्म भरलेला होता, पण कापायच्या दिवशी खात्यात तेवढेही नव्हते. १९२३ चा नुकसानभरपाईचा कायदा तेव्हा होता (२०२५ मध्ये त्याची जागा नव्या संहितेने घेतली), यंत्रावर चालणाऱ्या शेतीकामातला मजूर त्यात येऊ शकत होता, पण भरपाई मालकाने द्यायची होती आणि वहिनी म्हणाल्या जिभाऊंवर केस करणार नाही. जिभाऊंनी पाडव्याला दिलेली उचल सोडून दिली आणि वर्षाचं ठरलेलं साल पूर्ण दिलं. गावात याचं फार कौतुक झालं. मला विचाराल तर हे कमीत कमी होतं आणि मी ते जिभाऊंना तोंडावर सांगितलंय. त्यानंतर त्यांनी पोलिसांत जाऊन पुरवणी जबाब दिला, माझा पोरगा आधी उतरला, बापू त्याच्यामागे गेला असा. पैशांपेक्षा मी याला मोठं मानतो, कारण त्यांच्या भावकीत यावरून अजून दोन घरं त्यांच्याशी बोलत नाहीत.

वहिनींचा मुलगा आता त्या ब्लास्टिंगवाल्याकडे कॉम्प्रेसरवर कामाला आहे. विहिरीचं काम असलं की तो आधी नळी सोडतो, हवा मारतो आणि दोन दोर असल्याशिवाय कोणाला उतरू देत नाही. ठेकेदार कटकट करतो, वेळ जातो म्हणतो. पोरगा ऐकत नाही.

राहिला जीवन रक्षा पदकाचा विषय. हे पदक केंद्र सरकार १९६१ पासून देतं, बुडणाऱ्याला, आगीत, अपघातात, खाणीत अडकलेल्याला वाचवणाऱ्याला, आणि मरणोत्तरही देतात. सर्वोत्तम, उत्तम आणि साधं असे तीन प्रकार आहेत. सैनिकालाही मिळू शकतं, फक्त ते काम ड्यूटीवर केलेलं नसावं, म्हणजे फौजी त्यात बसतो. सालदारालाही मिळू शकतं, तिथे सातबारा लागत नाही. प्रस्ताव घटनेपासून दोन वर्षांच्या आत जायला हवा. फौजीचा प्रस्ताव पहिल्याच महिन्यात गावाने केला, शंभर सह्या पडल्या. बापूचा मी, जिभाऊ आणि शाळेतले एक सर असे तिघांनी मिळून तयार केला, त्याला पुरवणी जबाब जोडला, माझं प्रतिज्ञापत्र जोडलं. वहिनींसाठी असं कुठलं पदक मी शोधलं, मला सापडलं नाही. कोणाला न उतरू देण्याचा रकाना त्या फॉर्ममध्ये नाही. म्हणून दोन्ही प्रस्तावांच्या घटनाक्रमात मी त्यांचं नाव, त्यांचं वाक्य आणि त्यांनी थांबवलेल्या चार माणसांची नावं जशीच्या तशी लिहिली, म्हणजे फाइल जिथे जाईल तिथे ते वाचावं लागेल.

कार्यालयात कागद तपासणाऱ्याने विचारलं, पुरावा म्हणून रुमाल आणलाय का, इथे जमा करावा लागेल. वहिनी सोबत होत्या. त्यांनी पिशवीतून रुमाल काढला, टेबलावर ठेवला, गाठ वर येईल असा. म्हणाल्या फोटो काढा, कितीबी काढा. मी मोबाइलवर चारही बाजूंनी फोटो काढले, गाठीचा जवळून एक, गंजलेल्या टोकाचा एक, शेजारी पट्टी ठेवून एक. मग त्यांनी रुमाल उचलला, गाठ दाबली जाणार नाही असा घडी घालून परत पिशवीत ठेवला, आणि आम्ही दीडची एसटी पकडली.